हुडव्याखालचं बियाणं

"आधी कणसं उतरव, सूनबाई. भांडीकुंडी मागाहून," मामंजी म्हणाले.

मी चुलीपाशी उखळ उपडं घातलं, त्यावर चढले आणि आढ्याला टांगलेले जोंधळ्याच्या कणसांचे झुबके सोडवू लागले. खाली माझा कोंडू बसला होता. दोन वर्षांचा. वरून गळणारे दाणे वेचून तोंडात टाकत होता आणि प्रत्येक दाण्यागणिक हसत होता. बाहेर अंगणात फौजेतला एक बारगीर घोड्यावरून न उतरताच गावकऱ्यांशी बोलत होता. त्याचा शब्दन् शब्द आत ऐकू येत होता.

"उद्या दिवस मावळायच्या आत गाव मोकळं झालं पाहिजे. टोपीकर घाट चढून वर आलेत. त्यांच्या तोफा आपल्यापेक्षा भारी आहेत. तेव्हा त्यांना उपाशी मारायचं, असं ठरलंय. इथून पुण्यापर्यंत त्यांना दाणा मिळता कामा नये. वैरणीची काडी नको, प्यायला पाणी नको, टेकायला सावलीसुद्धा नको. घरं जाळा. गंजी जाळा. हरभऱ्यात गुरं सोडा. विहिरीत शेराच्या फांद्या तोडून टाका, चिकानं पाणी नासू द्या."

"आणि आम्ही?" कुणीतरी विचारलं.

"तुम्ही डोंगरात जा. वर लेणी आहेत, तिथं निवारा आहे."

"ते झालं हो. परत आल्यावर आम्ही खायचं काय?"

बारगिरानं घोड्याच्या मानेवर हात फिरवला. वयानं तो माझ्याएवढाच असेल, विशीचा. "ते मला नाही सांगितलेलं," तो म्हणाला. मग जरा हळू आवाजात, "माझं गाव आम्ही कालच जाळलं."

शेजारची आवडाकाकू कमरेवर हात ठेवून उभी होती. तिची जीभ कुणालाच आवरत नसे. "बरंच झालं की," ती म्हणाली. "परमुलखातून बिचारे एवढ्या लांब आले. त्यांना आणखी आग लावायचा त्रास कशाला? आपणच उरकून टाकू!"

एकदोघं हसले. बारगीरही हसला असता, पण त्याला पुढच्या गावी जायचं होतं.

आता मी म्हातारी झाले. संध्याकाळी गावातली पोरं माझ्या ओट्यावर जमतात. मी त्यांना नक्षत्रं ओळखायला शिकवते, चांगलं कणीस कोणतं आणि पोचट कोणतं ते शिकवते. मधेच त्यांना त्या लढाईची आठवण होते. "मोठ्याआई, तुम्ही तोफ बघितली?" "टोपीकर गोरे असतात ना?" मी सांगते की तोफ मी बघितली नाही, नुसता आवाज ऐकला. टोपीकर तर एकही बघितला नाही. मग पोरांचा हिरमोड होतो. ती म्हणतात, मग तुम्ही लढाईत नव्हताच! मी म्हणते, बसा, सांगते.

तर त्या वेळी आमच्या पेवातले जोंधळे आधीच सरकारी गोटात गेले होते. बैलही गेले आणि बैलांबरोबर कोंडूचे वडीलही गेले. घरात मी, मामंजी आणि कोंडू एवढेच उरलो. खायचं धान्य पाटीभर होतं. ते डोक्यावरून नेता आलं असतं. प्रश्न होता तो बियाण्याचा.

बियाण्याची कणसं आमच्याकडे कधी पेवात घालत नाहीत. पेवातला दाणा खायला चांगला, पण जमिनीतल्या दमट उबेनं त्याची उगवण जाते. म्हणून बियाणं चुलीवर, धुरात टांगायचं. धुरानं किडा लागत नाही आणि दाणा कोरडा राहतो. गावात कुणाची कणसं बियाण्याला ठेवायची हे मामंजी सांगत. कापणीच्या आधी ते प्रत्येकाच्या शेतातून हात मागे बांधून फिरायचे आणि जोंधळ्याच्या एखाद्या ताटापाशी थांबून म्हणायचे, "हे ठेव." त्यांनी ठेव म्हटलेलं कणीस कधी फसलं नव्हतं.

त्या संध्याकाळी घराघरातून कणसांचे झुबके आमच्या अंगणात येऊन पडले.

"बरोबरच नेऊ की," आवडाकाकू म्हणाली. "जड कुठं आहेत?"

"जड नाहीत म्हणूनच भीती वाटते," मामंजी म्हणाले. "वाटेवर पेंढारी आहेत. आपल्याच फौजेतले भुकेले लोक आहेत. त्यांच्या हातून सुटलं, तरी लेण्यात आपण किती दिवस बसणार, सांगता येतं? भुकेल्या माणसाच्या उशाशी बियाणं ठेवलं तर पेरणीपर्यंत पुरेल का, तूच सांग."

"मग ठेवायचं कुठं? घरं तर जळणार."

मामंजींनी परसाकडं बोट केलं. तिथं आमचा हुडवा होता. शेणाच्या वाळलेल्या गोवऱ्या रचून रचून घराएवढा ढीग करतात आणि पावसात भिजू नये म्हणून वरून लिंपतात, तो हुडवा. आमचा गावात सगळ्यांत मोठा होता.

"ह्याच्या बुडाशी भुई कोरडी असते, तिथं खड्डा काढू," ते म्हणाले. "कणसं पुरू. वर हातभर माती, त्याच्यावर पुन्हा गोवऱ्या. हुडवा तर जाळायचाच आहे. तो जळून गेला की राखेच्या ढिगाखाली कोण उकरतंय? टोपीकर पेवं शोधत फिरतील, भुईत सळ्या खुपसतील. राखेत नाही कुणी हात घालायचं."

सगळ्यांना पटलं. मलाही पटलं. आवडाकाकूसुद्धा म्हणाली, "म्हाताऱ्याचं डोकं अजून चालतंय म्हणायचं." चांगली युक्ती सुचली की माणूस किती हलका होतो ते मी त्या रात्री मामंजींच्या चेहऱ्यावर पाहिलं. घर जाणार होतं, पण ते कोंडूला खांद्यावर घेऊन खड्ड्याभोवती फिरत होते आणि त्याच्या हातून एकेक कणीस आत टाकून घेत होते. "टाक. हे आपलं. टाक. हे आवडाकाकूचं."

दुसऱ्या दिवशी विहिरीत शेराच्या फांद्या पडल्या. पांढरा चीक पाण्यावर तरंगताना बघून बायका तिथंच खाली बसल्या. मग घरं. आग आणायची कुठून, असा प्रश्नच नव्हता. ज्या चुलीवर सकाळी भाकरी भाजल्या, तिच्यातलाच विस्तव मी पेंढीवर घेतला आणि छपराला लावला. मामंजींनी हुडव्याला लावला.

लेण्यांतून खालचा सगळा मुलूख दिसतो. दिवसभर एकामागून एक गाव पेटताना आम्ही बघत होतो. पोरं धूर बघून नावं घ्यायची, हे माझ्या मामाचं गाव, हे आत्याचं. तळेगाव जळालं तेव्हा तो धूर आभाळ भरून आला. पुणंसुद्धा जाळायची तयारी आहे, असं कुणी म्हणालं. मग तोफांचे आवाज आले, आणि एके दिवशी ते थांबले. बातमी आली की टोपीकर मागे फिरले, वडगावापाशी त्यांना घेरलं आणि त्यांनी हार मानली. त्यांना ना दाणा मिळाला ना चारा. लेण्यात लोक नाचले. मीही कोंडूला उचलून नाचवलं. खोटं कशाला सांगू, त्या दिवशी आनंद झाला होता.

गावात परतलो तेव्हा भिंती तेवढ्या उभ्या होत्या.  सगळे सरळ आमच्या परसात आले.

हुडव्याचा नुसता करड्या राखेचा उंचवटा उरला होता. मामंजींनी राख बाजूला सारली, माती उकरली. कणसं तशीच होती. दाणा टपोरा, पिवळा, किड्याचा मागमूस नाही. मी खड्ड्यात हात घातला.

"मामंजी, कोमट लागतंय."

त्यांनीही हात घातला आणि त्यांचे डोळे भरून आले. "ऊब आहे," ते सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाले. "अंडं उबवावं तसं भुईनं सांभाळलंय. ऊब आहे रे!"

लोकांनी एकेक करून खड्ड्यात हात घातला आणि तोच हात कपाळाला लावला. गोवऱ्यांचा विस्तव किती दिवस आतल्या आत धुमसतो हे आमच्यातल्या प्रत्येक बाईला ठाऊक होतं. दूध आटवायला आम्ही त्याच्यावरच ठेवतो. पण त्या वेळी ते कुणाच्या मनात आलं नाही.

देऊळ दगडी, म्हणून ते जळलं नव्हतं. तिथं एका रांजणात दाणे भरले. वरून झाकण लिंपलं. मामंजी रांजणाला पाठ लावून झोपू लागले. गाव जमून ठरलं की मृगापर्यंत ह्याला कुणी हात लावायचा नाही.

पाटीभर धान्य माघातच संपलं. सरकारातून मदत येणार, असं प्रत्येक आठवड्याला कुणीतरी सांगायचं. आसपासची सगळी गावं आमच्यासारखीच. उसनं मागायचं कुणाकडे? काही घरं कोकणात उतरली, काही जुन्नरकडे गेली. आम्ही रानातले कांद खणले, उंबरं खाल्ली, पाला शिजवला. विहिरीचं पाणी उपसून उपसून टाकलं तरी कडू लागायचं, म्हणून पाणी ओढ्याचं. कोंडूचं पोट फुगलं आणि हात काड्यांसारखे झाले. तो रडायचा थांबला. तेव्हा मी घाबरले.

चैत्रात एके दुपारी मी त्याला कडेवर घेऊन देवळात गेले.

"मामंजी, एक ओंजळ द्या. पेज करते."

ते रांजणाला टेकून बसले होते. त्यांनी नातवाकडे पाहिलं नाही.

"काल माझ्या वाटणीचे कांद त्याला घातलेस ना?"

"घातले. पोटात राहत नाहीत. ह्याला दाणा पाहिजे. एकच ओंजळ."

"एका ओंजळीत केवढं शेत उभं राहतं, माहीत आहे तुला?"

"माहीत आहे. माझ्या वाट्याचं तेवढं शेत नका उभं करू."

"हे माझं असतं तर मागायला यावं लागलं असतं का तुला?" ते म्हणाले. "आज तुला दिलं तर उद्या आवडाची नात येईल. परवा गुरवाची पोरं येतील. कुणाला नाही म्हणू? मग मृगात काय पेरायचं? पुढच्या साली एकटा कोंडू नाही, सगळं गाव जाईल."

"मामंजी, पुढच्या सालाचं मला सांगू नका."

"सगुणे," ते म्हणाले. मला नावानं त्यांनी कधीच हाक मारली नव्हती. "जा, पोरी. मी जर ह्या झाकणाला हात लावला, तर पुन्हा माझ्यानं लिंपवणार नाही."

मी गेले नाही. किती तरी वेळ तिथंच बसून राहिले.  कोंडू माझ्या पदराशी खेळत होता. दोन दिवसांनी, सकाळी ऊन अंगणात यायच्या सुमाराला, तो गेला. आवडाकाकूनं त्याला आंघोळ घातली. 

मी मामंजींशी बोलायची थांबले. भाकरी नव्हतीच, जे काही असेल ते त्यांच्यासमोर ठेवायची आणि वळायची. वैशाखात कोंडूचे वडील एका बैलासह परत आले. दारात उभं राहून त्यांनी घरभर नजर फिरवली आणि कोंडू कुठं, ते विचारलं नाही. ओट्यावर बसून बैलाच्या पायातले काटे काढत राहिले.

मृगात रांजण उघडला. माप लावून प्रत्येकाचं बियाणं प्रत्येकाला दिलं. एक दाणा कमी नव्हता. एवढ्या उपासात एकाही माणसानं चोरी केली नाही, ही गोष्ट मी पोरांना नेहमी सांगते. माझ्या गावाचा मला ह्याच्याइतका अभिमान दुसऱ्या कशाचा नाही, आणि ह्याच्याइतकं दुःखही कशाचं नाही.

पाऊस वेळेवर आला. पेरणी झाली. चार दिवसांनी दिसायला पाहिजे, दिसलं नाही. थंडी आहे, म्हणाले. आठ दिवस झाले. पाखरांनी खाल्लं, म्हणाले. मग कुणी काही म्हणेना. एका शेतात नाही, सगळ्या शिवारात एकही हिरवं टोक वर आलं नाही.

मी शेतावर गेले तेव्हा मामंजी चिखलात उकिडवे बसले होते. सरीतून दाणे उकरून त्यांनी तळहातावर घेतले होते. दाणे फुगलेले, मऊ, बोटानं दाबले की पांढरं पीठ व्हायचं. कोंब कुठेच नाही.

"सूनबाई," ते म्हणाले. चैत्रानंतर त्यांनी पहिल्यांदाच मला हाक मारली. "खड्डा उघडला तेव्हा तू म्हणालीस, कोमट लागतंय."

"हो."

"तुला तेव्हा कळलं होतं?"

"नाही, मामंजी."

"मला कळायला पाहिजे होतं. मी ऊब म्हणालो." त्यांनी एक दाणा तोंडात टाकला, चावला, आणि बराच वेळ घोळवला. "भाजला होता गं. वरून दिसला नाही, एवढाच. माघातसुद्धा हा मेलेलाच होता." मग माझ्याकडे वर बघून, पोरानं विचारावं तसं त्यांनी विचारलं, "म्हणजे खाता आला असता. नाही का?"

मी त्या दाण्यांकडे पाहिलं. हो म्हणण्यासाठी तोंड उघडलं होतं. पण चिखलात बसलेला तो म्हातारा तळहातावरचे दाणे अजून एकेक करून चाचपत होता, एखाद्याला तरी कोंब आहे का बघत.

"पोराला ताप होता, मामंजी," मी म्हणाले. "पेजेनं काही झालं नसतं."

त्यांनी मान हलवली. त्यांना ते पटलं नव्हतं, हे मला कळलं. मला पटलं नव्हतं, हे त्यांना कळलं. मी त्यांना हात देऊन उठवलं आणि आम्ही घरी आलो.

मदत आली ती श्रावणात, खायला नाचणी आणि थोडं बियाणं. तिच्यामुळे जे राहिले ते जगले. आणि भाद्रपदात पुण्याहून एक कारकून आला, तट्टावर बसून, बरोबर हलगीवाला. देवळापुढे गाव जमवलं. कारकून चांगला माणूस होता. पागोटं सारखं करत मोठ्यानं बोलला.

"सरकार तुमच्यावर फार खूश आहेत. तुम्ही घरंदारं जाळलीत, म्हणून टोपीकराला माघार घ्यावी लागली. ही लढाई तुम्ही जिंकलीत. गावाचा दोन सालांचा सारा माफ. आणि ज्यांच्या घरचा माणूस लढाईत कामी आला, त्यांना सरकारातून जमीन मिळेल. कुणी आहे?"

 आमच्या गावचा शिपाई कुणी मेला नव्हता.

मामंजी उठले. काठी टेकत पुढे गेले.

"कोंडाजी धारोजी," ते म्हणाले.

"वय?"

"दोन वर्षं. तिसरं लागलं असतं."

कारकुनाला वाटलं, म्हाताऱ्याला ऐकू कमी येतं. तो खाली वाकून मोठ्यानं म्हणाला, "आजोबा, मी लढाईत पडलेल्यांचं विचारतोय."

"मीही त्यांचंच सांगतोय."

लोकांत कुणी हसलं नाही.  आवडाकाकू पदर तोंडात धरून उभी राहिली. कारकून गोंधळला. त्यानं आजूबाजूला पाहिलं आणि मामंजींच्या मागे उभी असलेली मी त्याला दिसले.

"बाई, तुमचे सासरे का हे? समजवा जरा. असं चालत नाही."

मी पुढे झाले. मामंजींच्या शेजारी उभी राहिले. काठीवरच्या त्यांच्या हातावर मी माझा हात ठेवला.

"ते बरोबर सांगताहेत," मी म्हणाले. "कोंडाजी धारोजी. माझा मुलगा. सरकारांच्या कानावर घाला. जमीन नको आम्हाला."

 कारकुनाचा आवाज उतरला आणि त्यानं विचारलं, "कुठं पडला, बाई?"

"माझ्या मांडीवर."